बोलणारी पुस्तके आणि काजळीवरील रेघ

सिरानो द बेर्जेराक हा सतराव्या शतकातील फ्रेंच लेखक. चंद्रावरील काल्पनिक प्रवासाचे त्याचे पुस्तक त्याच्या मृत्यूनंतर, १६५७ साली, प्रसिद्ध झाले. त्यातील प्रवाशाला चंद्रावर दोन अजब पुस्तके भेट मिळतात. त्यांना पाने नाहीत, अक्षरे नाहीत. डबी उघडली की आत घड्याळासारखी बारीक यंत्ररचना दिसते. किल्ली द्यायची आणि हव्या त्या प्रकरणावर काटा आणायचा, की माणसाच्या तोंडून निघावेत तसे शब्द बाहेर पडू लागतात! वाचायला डोळे नकोत, कान पुरेत. चंद्रावरील तरुण अशी तीस-तीस पुस्तके खिशात घालून किंवा खोगिराला अडकवून हिंडतात. त्यामुळे सोळा-अठराव्या वर्षीच ते आपल्याकडील वृद्धांहून अधिक जाणते होतात, असे लेखक म्हणतो.

यंत्राचा उपयोग सिरानोने अचूक ओळखला. पण माणसाचा आवाज मुळात त्या डबीत शिरला कसा, हे मात्र तो सांगत नाही. खुंट्या बसवलेला दंडगोल फिरवून घंटा आपोआप वाजवण्याची युक्ती तेव्हा युरोपात माहीत होती. एक खुंटी म्हणजे एक ठोका. परंतु गोष्ट सांगताना आजीचा आवाज चढतो, उतरतो, मध्येच कापरा होतो. त्यासाठी खुंट्या कशा बसवणार?

याचे उत्तर मिळण्यासाठी आवाज म्हणजे काय हे नीट समजावे लागले. नादकाटा वाजवला की त्याच्या भुजा थरथरतात, भोवतालच्या हवेचा दाब कमीजास्त होतो आणि ही कंपने कानाच्या पडद्याला हलवतात. बोलण्यात अशी अनेक कंपने एकत्र मिसळलेली असतात. मग ती टिपायला अनेक सुया हव्यात काय? नकोत. गायक, पेटी आणि तबला तुम्ही एकाच वेळी ऐकत असलात, तरी कोणत्याही एका क्षणी कानाचा पडदा एकाच स्थितीत असतो. किंचित आत किंवा किंचित बाहेर. साऱ्या कंपनांची बेरीज होऊन त्याला एकच हालचाल मिळते. तेव्हा त्या एका हालचालीची रेघ काढता आली, की सारा आवाज त्या रेघेत आला.

ही रेघ प्रथम काढली ती पॅरिसमधील मुद्रण व्यवसायातील एदुआर-लेऑं स्कॉट याने. शरीरशास्त्राच्या एका पुस्तकाची मुद्रिते तपासताना कानाची रचना पाहून त्याला ही कल्पना सुचली. १८५७ साली त्याने आपल्या यंत्राचे पेटंट घेतले. कर्ण्याच्या टोकाला ताणलेला पडदा, पडद्याला ताठ केस आणि केसासमोर फिरणाऱ्या दंडगोलावर काजळी धरलेला कागद. कर्ण्यात बोलले की केस थरथरे आणि काजळीवर नागमोडी रेघ उमटे. ही रेघ पाहता येई, ऐकता मात्र येत नसे.

ते साधले थॉमस एडिसनला, १८७७ साली. त्याने काजळीऐवजी कथिलाचा वर्ख वापरला. पडद्याला जोडलेली सुई वर्खावर खोलगट खुणा उमटवी. सुई त्या खुणांवरून पुन्हा फिरवली, की खुणा सुईला हलवीत, सुई पडद्याला आणि पडदा हवेला. एडिसनने म्हटलेले बालगीत यंत्राने त्याला म्हणून दाखवले. हाच फोनोग्राफ.

पण थोड्याच वेळा वाजवले की वर्ख झिजे. पुढे मेणाचे दंडगोल आले, तरी प्रारंभी अधिक प्रती हव्या असल्या तर गायकाला तेच गाणे अनेकदा गावे लागे. एमिल बर्लिनरने १८८७ साली दंडगोलाऐवजी सपाट तबकडी घेतली. मूळ तबकडीवरून धातूचा ठसा घेऊन असंख्य प्रती छापता येऊ लागल्या. या तबकड्यांसाठी पुढे लाख वापरली गेली आणि ती प्रामुख्याने भारतातून जाई. तीस-तीस पुस्तके बाळगण्याचे सिरानोचे स्वप्न असे आवाक्यात आले.

स्कॉटच्या रेघांचे काय झाले? त्याने ९ एप्रिल १८६० रोजी नोंदलेले एक फ्रेंच लोकगीत पॅरिसच्या विज्ञान अकादमीत जपलेले होते. अमेरिकेतील संशोधकांनी २००८ साली त्या रेघेची सूक्ष्म चित्रे घेऊन संगणकाने तिचा आवाज केला. तो एखाद्या मुलीचा वाटला. स्कॉटने शेजारीच नादकाट्याची कंपनेही नोंदवली होती, पण त्यांची वारंवारता संशोधकांनी दुप्पट धरली होती. २००९ मध्ये हिशेब दुरुस्त झाला, तेव्हा सावकाश गाणारा पुरुष ऐकू आला. बहुधा स्वतः स्कॉटच! हाताने फिरवलेल्या त्या दंडगोलाचा वेग नादकाट्याच्या रेघेमुळेच कळला. नोंद जपावी, तशीच ती वाचण्याची मापेही जपावीत, ती यासाठी.

ही रेघ कशी नाचते हे पाहायचे आहे? दोन्ही बाजूंनी उघडा डबा घ्या. त्याच्या कडा बोथट असाव्यात. एका तोंडावर फुग्याचे रबर ताणून बांधा आणि त्यावर कशिद्याचा छोटा आरसा चिकटवा. आरशावर ऊन घेऊन कवडसा सावलीतल्या भिंतीवर पाडा. मात्र कवडसा कुणाच्या डोळ्यांवर पडू देऊ नका. आता दुसऱ्या तोंडातून ‘आ’, ‘ई’, ‘ऊ’ म्हणा. प्रत्येक स्वरागणिक कवडशाचा आकार बदलेल. मग वर्गातील मित्रांनाही तेच स्वर म्हणायला सांगा आणि आकारांची चित्रे काढून ती ताडून पाहा.