मूकपटातील बोलकी मुले

आज चित्रपट म्हटला की गाणी आणि संवाद आठवतात. परंतु सुरुवातीच्या चित्रपटांना आवाज नव्हता. अशा चित्रपटाला मराठीत 'मूकपट' म्हणतात. उर्दूत आपण त्याला 'खामोश फिल्म' म्हणतो.

मग गोष्ट कशी कळत असे? चेहऱ्यावरील भावांवरून आणि हातवाऱ्यांवरून. मधूनमधून पडद्यावर काही ओळी लिहून येत. पण त्या काळी वाचता येणारे लोक थोडे होते. त्यामुळे चेहराच बोलका असावा लागे.

मूकपटात लहान मुले अगदी आरंभापासून दिसतात. २८ डिसेंबर १८९५ रोजी फ्रान्समधील पॅरिस शहरात ल्यूमिएर बंधूंनी तिकीट लावून काही छोटे चित्रपट दाखवले. त्यांतील एका चित्रपटात आईवडील बाळाला भरवत होते. ते बाळ म्हणजे ऑग्यूस्त ल्यूमिएर यांची स्वतःची मुलगी!

आपल्या नाशिक जिल्ह्यातील दादासाहेब फाळके यांनीही असेच केले. त्यांचा जन्म १८७० साली त्र्यंबकेश्वर येथे झाला. १९१३ साली त्यांनी मुंबईत 'राजा हरिश्चंद्र' हा मूकपट तयार केला. दिलेल्या वचनासाठी राजा राज्य सोडतो. राणी तारामती आणि लहानगा रोहिदास त्याच्याबरोबर वणवण भटकतात. रोहिदासाचे काम दादासाहेबांचा मुलगा भालचंद्र याने केले. त्या वेळी चित्रपटात काम करणे कमीपणाचे समजत. तारामतीच्या भूमिकेसाठी स्त्री मिळाली नाही. ती अण्णा साळुंके या पुरुषाने केली. पत्नी सरस्वतीबाई फिल्मला छिद्रे पाडीत, ती धूत आणि सर्वांचा स्वयंपाकही करीत.

त्याच वर्षी दादासाहेब नाशिकला आले. १९१९ साली त्यांनी 'कालिया मर्दन' हा मूकपट काढला. त्यात कृष्ण झाली त्यांची छोटी मुलगी मंदाकिनी. आरंभी केवळ तिचा चेहरा दिसतो. एकही शब्द न बोलता ती निरनिराळे भाव दाखवते. सहा वर्षांपूर्वी पुरुष राणी झाला होता. आता एक मुलगी नायक झाली!

१९४४ साली नाशिकमध्येच दादासाहेबांचे निधन झाले. त्यांचे बरेचसे मूकपट नष्ट झाले आहेत. मात्र 'कालिया मर्दन'चा काही भाग उरला आहे. मंदाकिनीचा तो चेहरा आजही पाहता येतो.

मित्रांनो, नवी भाषा शिकताना आपले शब्द अडतात. अशा वेळी गप्प बसू नका. मंदाकिनीला आठवा. शब्द सापडेपर्यंत चेहरा आणि हात आपले म्हणणे सांगू शकतात.