घराचे कर्ज कितीला पडते?

घरासाठी कर्ज काढताना हप्ता झेपेल की नाही, एवढेच आपण पाहतो. तो हिशेब पुढे नेऊन आम्ही सभासदांपुढे ठेवीत आहोत.

समजा, ३० लाख रुपये द. सा. द. शे. ९ दराने २० वर्षांसाठी घेतले. मासिक हप्ता सुमारे २६,९९२ रुपये. पहिल्या हप्त्यातले २२,५०० रुपये व्याजातच जातात; मुद्दल फिटते अवघे ४,४९२. दहा वर्षे बिनचूक हप्ते भरल्यावरही सुमारे २१ लाख ३१ हजारांचे देणे उरतेच! अखेरीस भरणा होतो जवळजवळ ६४ लाख ७८ हजारांचा. थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक मागू नये, हा दामदुपटीचा दंडक वाडवडिलांना ठाऊक होता. येथे व्याज थकतच नाही, दरमहा वसूल होते. म्हणून तो आड येत नाही.

तेच कर्ज १५ वर्षांत फेडले तर हप्ता ३,४३६ रुपयांनी वाढतो, पण व्याजाचे दहा लाख वाचतात.

बदलत्या दराच्या कर्जात दर चढला की बँका बहुधा हप्ता तोच ठेवून मुदत लांबवितात. हप्ता वाढवावा की मुदत, हे कर्जदाराला विचारावे, असे रिझर्व्ह बँकेने २०२३ साली बजावले. मुदतीपूर्वी फेड केल्यास दंड घेण्यास तर अशा गृहकर्जांपुरती बँकांना २०१२ पासूनच मनाई आहे. वरील उदाहरणात पहिल्या वर्षाअखेर एक लाख जादा भरून हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे सुमारे १९ हप्ते वाचतात.