मुंबईची हरवलेली चित्रगृहे (भाग ४) : गिरगावचे मॅजेस्टिक

गिरगावातील मॅजेस्टिक सिनेमा हे चित्रगृह १९१८ साली अब्दुलअली युसुफअली आणि अर्देशिर इराणी या भागीदारांनी बांधले. युसुफअली मूळचे फिरत्या तंबूतील सिनेमावाले. विसाव्या शतकाच्या आरंभी त्यांनी आग्नेय आशियात आणि पुढे हिंदुस्थानात गावोगावी खेळ केले. त्यांच्या शंभर फूट लांब आणि पन्नास फूट रुंद तंबूत हजारभर माणसे बसत. १९१४ मध्ये दोघांनी अलेक्झांड्रा थिएटर चालवायला घेतले आणि चार वर्षांनी मॅजेस्टिक उभे केले. तंबूतला धंदा पक्क्या इमारतीत आला.

पहिली बारा-तेरा वर्षे मॅजेस्टिक मूकपटांचे होते. मूकपटांच्या काळात पडद्यावर अक्षरपाट्या येत आणि पडद्यासमोर बसलेले वादक प्रसंगानुसार पेटी-तबला वाजवत. बोलपट आल्यावर ही सोय निरुपयोगी ठरली. ध्वनिक्षेपक बसवणे भाग पडले आणि वादकांचे काम संपले.

हा बदल हिंदुस्थानी चित्रपटांत प्रथम झाला तो मॅजेस्टिकमध्येच. १४ मार्च १९३१ रोजी तेथे ‘आलम आरा’ हा पहिला हिंदुस्थानी बोलपट प्रदर्शित झाला. चित्रगृहाचे एक मालक अर्देशिर इराणी हेच त्याचे निर्माते-दिग्दर्शक होते. जोसेफ डेव्हिड यांच्या पारशी रंगभूमीवरील नाटकावर तो बेतलेला होता आणि त्यात सात गाणी होती. जुबैदा, मास्टर विठ्ठल आणि पृथ्वीराज कपूर यांच्या त्यात भूमिका होत्या. इराणींच्या इंपीरियल स्टुडिओजवळूनच रेल्वे जात असे. चित्र आणि आवाज एकाच फिल्मवर एकाच वेळी मुद्रित होत असल्याने गाडीचा खडखडाटही त्यात उतरला असता. म्हणून बरेचसे चित्रण गाड्या बंद झाल्यावर रात्री झाले. ध्वनिग्राहक कलावंतांच्या आसपास कॅमेऱ्याला दिसणार नाहीत असे लपवावे लागत.

पहिल्या दिवशी चित्रगृहापुढे सकाळपासून लोटलेली गर्दी आवरायला पोलीस बोलवावे लागले. रांगेची पद्धत तेव्हा रुळलेली नव्हती, त्यामुळे तिकिटाच्या खिडकीवर झुंबड उडे. चार आण्यांचे तिकीट काळ्या बाजारात चार-पाच रुपयांना गेले. चित्रपट आठ आठवडे चालला. त्याची एकही प्रत आज उपलब्ध नाही. मागे उरली आहेत ती छायाचित्रे, जाहिराती आणि छापील मजकूर.

मॅजेस्टिकचा आणखी एक उपयोग मालकांनी योजलेला नव्हता. चाळीसच्या दशकात केशवराव कोठावळे यांनी चित्रगृहालगत पुस्तकविक्री सुरू केली. खेळाला येणारा मध्यमवर्गीय गिरगावकर हाच त्यांचा वाचक होता. या दुकानाला चित्रगृहाचेच नाव पडले. त्यातून मॅजेस्टिक प्रकाशन उभे राहिले आणि १९६४ पासून ‘ललित’ हे ग्रंथप्रेमींचे मासिक निघू लागले. लेखक-वाचकांच्या संवादाचा ‘मॅजेस्टिक गप्पा’ हा उपक्रमही याच संस्थेचा. सिनेमाच्या प्रेक्षकांवर वाढलेला हा ग्रंथव्यवहार पुढे मराठी साहित्याचा मोठा आधार झाला.

१९७०च्या दशकात मॅजेस्टिक पाडण्यात आले. दक्षिण मुंबईत जागेचे भाव चढत गेले, तसा दिवसातून ठरावीक खेळांपुरताच उत्पन्न देणारे मोठे प्रेक्षागृह दुकानांच्या गाळ्यांपुढे टिकणे कठीण होत गेले. जगन्नाथ शंकरशेट मार्गावर त्या जागी मॅजेस्टिक शॉपिंग सेंटर उभे राहिले. मूकपटगृह, बोलपटगृह आणि व्यापारी संकुल हा या जागेचा क्रम. मालकी आणि धंदा बदलला, नाव तेवढे टिकले. मात्र भारतीय बोलपटाचा जन्म जिथे झाला ती वास्तू जतन करण्याची संधी मुंबईने कायमची गमावली.

(पुढील भागात : ३ मे १९१३ रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ जिथे झळकला ते कॉरोनेशन)