पुळणीवरील मर्यादवेल आणि वाडीचें रक्षण

शेताचा बांध फुटला तर तो त्याच हंगामांत घालून घेण्याची काळजी प्रत्येक शेतकरी करतो. परंतु कोंकणांत समुद्रकांठच्या वाडीला निसर्गानें जो बांध घालून दिला आहे, त्याजकडे त्या दृष्टीनें पाहणारे थोडेच. हा बांध म्हणजे पुळणीच्या माथ्यावरील वाळूची टेकडी होय.

पुळण स्थिर नसते. पावसाळ्यांतील उंच लाटा तिची वाळू ओढून नेतात व कांठापासून कांहीं अंतरावर पाण्याखालीं तिचा दांडा रचतात. पुढच्या लाटा या दांड्यावर फुटून त्यांचा जोर तेथेंच पुष्कळसा खर्च होतो. आश्विनानंतर समुद्र निवळला म्हणजे मंद लाटा तीच वाळू कांठावर आणून टाकतात, आणि वारा ती वर उडवून टेकडीची भर करतो. टेकडी हें या व्यवहारांतील भांडवल होय. वादळाच्या वर्षीं समुद्र त्यांतून मोठी उचल करतो व पुढें हप्त्यांनीं फेडतो. गाड्या भरून बांधकामास नेलेली वाळू मात्र परत येत नाहीं. शिवाय खारी वाळू न धुतां वापरल्यास काँक्रीटमधील लोखंडास गंज चढतो. तेव्हां नेणाऱ्याचेंही हित साधत नाहीं तें निराळेंच.

उडती वाळू धरून ठेवण्याचें काम मर्यादवेल करते. आपट्यासारखीं दुभंगलेलीं जाड पानें, जांभळट फुलें व पेरापेरांस मुळें फुटणाऱ्या लांब फांद्या, ही तिची ओळख. वेलींत शिरतांच वारा मंदावतो व वाळू खालीं टाकतो. वेल त्या वाळूंतून पुन्हां वर डोकें काढते. अशा रीतीनें टेकडी व वेल बरोबरच वाढतात. तिच्या मागें केवडा व उंडी असल्यास खारा वारा माडापोफळींपर्यंत पोहोंचण्यापूर्वीं बराच अडतो.

याहून महत्त्वाची गोष्ट विहिरीची. समुद्र हांकेच्या अंतरावर असूनही वाडीची विहीर गोडी असते, याचें कारण वाळूंत मुरलेलें पावसाचें पाणी हलकें असल्यामुळें खालच्या खाऱ्या पाण्यावर तरंगत राहतें. सामान्य हिशेब असा कीं, गोड्या पाण्याची पातळी समुद्राहून १ फूट वर असली तर समुद्रसपाटीखालीं सुमारें ४० फुटांपर्यंत गोडें पाणी मिळतें. उलट टेकडी खरवडल्यानें किंवा पंपानें बेसुमार उपसा केल्यानें ती पातळी १ फूट उतरली, तर खारें पाणी हळूहळू ४० फूट वर चढूं लागतें. एकदां खारावलेली विहीर लवकर सुधारत नाहीं.

धूप लागली कीं दगडी भिंतीची मागणी होते. घरेंच धोक्यांत असल्यास ती अपरिहार्य असेल. पण भिंतीवर आपटून मागें फिरणारी लाट पायथ्याची वाळू खणून नेते, आणि भिंत जेथें संपते तेथील शेजाऱ्याची जमीन अधिक धुपते.

सुरूचें झाड इकडील नव्हे. १८६८ सालीं कारवारकडे त्याची लागवड सुरू झाली. सरपणास तें उत्तम, परंतु टेकडीच्या समुद्राकडील उतारावर लावल्यास त्याच्या पाल्याच्या थराखालीं मर्यादवेल मरते, व अंडीं घालण्यास येणाऱ्या कासविणीस खड्डा करणें कठीण जातें. मंडणगड तालुक्यांतील वेळास येथें २००२ पासून ग्रामस्थ व चिपळूणची सह्याद्री निसर्ग मित्र ही संस्था या कासवांचीं घरटीं राखीत आले. एका घरट्यांत शंभराच्या आसपास अंडीं असतात. पिल्लें पाहण्यास येणाऱ्या पाहुण्यांची सोय गांवकरी घरोघर करतात, व चार पैसे मिळवतात.

टेकड्या सपाट करण्यास २०१९ च्या किनारा नियमन अधिसूचनेनें मनाई आहे. तथापि कायदा वेल लावीत नाहीं. पावसाच्या आरंभीं दोन हात लांबीचे फांदीचे तुकडे घेऊन, भरतीची लाट पोहोंचत नाहीं अशा जागीं दोन-तीन पेरें वाळूंत पुरावीं, व गुरें वर्षभर दूर ठेवावीं. समुद्राकडे जाण्याची वाट सरळ न पाडतां तिरकस ठेवावी. सरळ वाटेनें वारा शिरून खिंड पाडतो, आणि उधाणाचें पाणी त्याच खिंडीनें वाडींत येतें.