युद्धाच्या मागच्या फळीतल्या बायका

उल्हासनगरात पत्ता सांगताना आजही ‘कॅम्प नंबर तीन’, ‘कॅम्प नंबर पाच’ असंच सांगतात. हे कॅम्प मुळात लष्कराचे. दुसऱ्या महायुद्धात इंग्रज सरकारने कल्याणजवळ मोठी छावणी उभारली आणि तिच्याच बराकींत पुढे हे शहर वसलं. छावणी म्हटली की डोळ्यांसमोर पुरुषच येतात. पण ते युद्ध बायकांनीही चालवलं.

१९४२ मध्ये भारतात विमेन्स ऑक्झिलरी कोअर सुरू झाली. टायपिंग, टेलिफोन, सांकेतिक संदेश ही कामं तिच्यातल्या बायकांनी अंगावर घेतली आणि तितके पुरुष आघाडीवर जायला मोकळे झाले. नौदल शाखेतल्या सेकंड ऑफिसर कल्याणी सेन १९४५ मध्ये पाहणीसाठी ब्रिटनला गेल्या. स्कॉटलंडमधल्या रोसाइथच्या नाविक तळावरच्या छायाचित्रात त्या साडीच्या गणवेशात उभ्या आहेत.

दारूगोळा तयार करण्यातही बायका होत्या. शेजारच्या अंबरनाथकरांना ऑर्डनन्स फॅक्टरी ओळखीची. पहिल्या महायुद्धात ब्रिटनमधल्या अशा कारखान्यांत तोफगोळ्यांत दारू भरणाऱ्या लाखो मुलींपैकी अनेकींची कातडी टीएनटी या स्फोटकाने पिवळी पडली. लोक त्यांना पिवळ्या पक्ष्यावरून ‘कॅनरी’ म्हणू लागले. काहींचा त्या विषाने जीव गेला.

लढाईमागचं काम असं नजरेआड होणं जुनंच आहे. आपण महाराणी ताराबाईंना घोड्यावर, हाती तलवार अशाच पाहतो. १७०० मध्ये त्यांचे पती छत्रपती राजाराम महाराज गेले तेव्हा त्या पंचविशीच्या होत्या. औरंगजेब एकेक किल्ला घेत असताना त्यांनी माळवा-गुजरातेत फौजा धाडून लढाई मोगली मुलखात नेली. सरदारांना बांधून ठेवणं, मोहिमा आखणं, पैशाची जुळणी करणं, हे सगळं सात वर्षं चाललं. हा कारभार चित्रात मावत नाही, म्हणून तो विस्मरणात गेला. मोठा अन्याय आहे हा.

कल्याणच्या छावणीत तर खरी परीक्षा युद्धानंतर आली. फाळणीनंतर सुमारे लाखभर सिंधी निर्वासित इथे आले. लांबलचक बराकीत गोणपाट आणि चादरी टांगून एकेका कुटुंबापुरती जागा केली जाई. घरदार, शेतीवाडी सिंधमध्ये सुटलेली. त्या आडोशांत बायकांनी पापड लाटले, लोणची घातली, शिवणकाम घेतलं. पुरुष आणि पोरं तो माल विकायला बाहेर पडली. ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल राजगोपालाचारींनी वसाहतीला उल्हासनगर हे नाव दिलं, तेव्हा कित्येक चुली त्या पापडांवरच पेटत होत्या.