मेलेल्या ब्राउझरच्या पोटातली मराठी

मायक्रोसॉफ्टने १५ जून २०२२ रोजी इंटरनेट एक्सप्लोररला निरोप दिला, तेव्हा दक्षिण कोरियातल्या ग्योंगजू शहरात एका सॉफ्टवेअर अभियंत्याने त्याचं थडगं उभारलं. भावाच्या कॅफेच्या गच्चीवर कोरीव दगड बसवला, खर्च ४,३०,००० वॉन. त्याचा फोटो जगभर फिरला, लोक पोट धरून हसले. त्या थडग्यात कोणीच नव्हतं, हे मात्र फारसं कुणी बोललं नाही. ज्याला मूठमाती दिली तो एक्सप्लोरर विंडोजवरच्या एज ब्राउझरच्या पोटात आजही आहे. तिथे त्याचं नाव ‘आयई मोड’, आणि किमान २०२९पर्यंत त्याला सांभाळू असं मायक्रोसॉफ्टने लिहून दिलंय.

बंद पडलेली, अर्धवट चालणारी, मालकाने वाऱ्यावर सोडलेली संकेतस्थळं उघडून बघायचा मला फार जुना नाद आहे. त्या नादाला कामधंद्याची जोड मिळाली ती वरसे गावात. रोह्याला खेटून असलेलं हे गाव जनगणनेच्या कागदावर शहर आहे आणि कारभाराला ग्रामपंचायत. शेजारीच धाटावची एमआयडीसी. त्यामुळे इथल्या ऑनलाइन फॉर्म भरून देणाऱ्या दुकानांत सातबारा, पीएफ, शिष्यवृत्ती, जातीचा दाखला असं सगळं एकाच टेबलावर येतं. अशाच एका दुकानात माझ्या एका कामाचं पोर्टल अडलं. ‘शोधा’ हे बटण दाबलं की काहीच होत नव्हतं. चूक दाखवत नाही, चक्र फिरत नाही, नुसता शुकशुकाट. दुकानातल्या पोराने मान वर न करता सांगितलं, “काका, ही साईट क्रोममध्ये नाय चालत. एजमध्ये आयई मोड लावायला लागतो.”

त्याने एजच्या सेटिंग्जमध्ये ‘डीफॉल्ट ब्राउझर’ हे पान उघडलं, जुनी स्थळं आयई मोडमध्ये उघडायला परवानगी दिली, खालच्या यादीत त्या पोर्टलचा पत्ता टाकला आणि पान पुन्हा उघडलं. पत्त्याच्या पट्टीत डावीकडे एक्सप्लोररचं छोटं चिन्ह उमटलं. बटण दाबल्यावर छोटी खिडकी उघडली, तीत गावांची यादी आली, काम झालं. यादीतला पत्ता तीस दिवसच टिकतो, मग पुन्हा घालावा लागतो. त्या पोराला ही मुदत तोंडपाठ होती.

घरी येऊन मी त्या पानाचा कोड उघडून पाहिला. ती छोटी खिडकी ‘शोमोडलडायलॉग’ नावाच्या आज्ञेने उघडत होती. ही आज्ञा मूळ एक्सप्लोररची. इतर ब्राउझरांनी काही काळ ती चालवून घेतली. क्रोमने २०१४ मध्ये आणि फायरफॉक्सने २०१७ मध्ये काढून टाकली. म्हणजे पोर्टल बनवणाऱ्याने एका ओळीची दुरुस्ती वर्षानुवर्षं केली नव्हती आणि तिची किंमत तालुक्यातली दुकानं तीस-तीस दिवसांच्या हप्त्यांनी भरत होती.

एका खिडकीत दोन इंजिनं कशी चालतात, हे रोह्याच्या माणसाला वेगळं सांगायला नको. मध्य रेल्वेची हद्द रोह्याला संपते आणि कोकण रेल्वेची सुरू होते, पण डब्यात बसलेल्याला धक्काही जाणवत नाही. एजमध्ये नेहमीची पानं ‘ब्लिंक’ हे इंजिन रंगवतं, जे क्रोममध्येही आहे. यादीतला पत्ता आला की त्याच चौकटीत एक्सप्लोररचं ‘ट्रायडंट’ जागं होतं. तेही एकाच रूपात नव्हे. पान ज्या काळातलं असेल त्याप्रमाणे ते पाच, सात, आठ, नऊ, दहा किंवा अकरा या आवृत्तीचं सोंग घेतं. मोठ्या कचेऱ्या यासाठी पत्त्यांची यादी तयार करून सगळ्या संगणकांवर पाठवतात; दुकानदाराला ती सोय नाही.

ही सोंगांची कल्पना कुठून आली? २००० साली मॅकसाठी एक्सप्लोरर पाच निघाला. त्याचं इंजिन लिहिणाऱ्या तांतेक चेलिक या तरुणापुढे पेच होता: ब्राउझर मानकांप्रमाणे नीट वागवला तर आधीच्या चुकांवर विसंबून लिहिलेली लाखो पानं मोडतात, आणि चुका सांभाळल्या तर नवं काही उभं राहत नाही. टॉड फार्नर यांनी सुचवलेली तोड त्याने अमलात आणली. पानाच्या पहिल्या ओळीत मानकाचं नाव असेल तर शिस्तीत वागायचं, नसेल तर जुन्या खोडी चालवून घ्यायच्या. आज जगातला प्रत्येक ब्राउझर ही ओळ वाचतो. चेलिकचं नाव मात्र धंद्याबाहेर कुणाला माहीत नाही.

यावरून पुढे जे भांडण पेटलं ते मला अजून वाचायला आवडतं. एक्सप्लोरर आठ येण्याआधी, जानेवारी २००८ मध्ये, ‘अ लिस्ट अपार्ट’ या नियतकालिकात ॲरन गुस्टाफसन यांनी योजना मांडली: पानाने स्वतःच सांगावं की मी अमुक आवृत्तीसाठी लिहिलं आहे. इथवर ठीक. मेख अशी की ज्या पानाने काही सांगितलं नाही, ते एक्सप्लोरर सातप्रमाणेच दिसणार होतं, आणि तेही कायमचं. मानकांसाठी वर्षानुवर्षं झगडलेली माणसं आपसात तुटून पडली. एरिक मायर यांना योजनेत तथ्य वाटलं, जेरेमी कीथ यांना ती उलटी गंगा वाटली. शेवटी ३ मार्च २००८ ला मायक्रोसॉफ्टने माघार घेतली: न सांगणारं पान नव्या पद्धतीनेच दिसेल. मात्र पत्त्याच्या पट्टीजवळ फाटक्या कागदाचं चित्र असलेलं एक बटण आलं. पान मोडकं दिसलं तर ते दाबा. आजच्या आयई मोडचं मूळ त्या फाटक्या कागदात आहे. माझं मत कीथ यांच्या बाजूने आहे. न सांगणाऱ्याला कायमचं सांभाळायचं ठरवलं की मग कुणीच काही सांगत नाही.

याच भांडणाच्या आठवड्यांत, फेब्रुवारी २००८ मध्ये, सॅन फ्रान्सिस्कोत रघुनाथ कृष्ण जोशी वारले. र. कृ. जोशी कवी, सुलेखनकार, आयआयटी मुंबईच्या आयडीसी या डिझाइन केंद्रातले शिक्षक. ब्राउझरांच्या त्या वादाशी त्यांचा काही संबंध नव्हता. पण विंडोजवर वर्षानुवर्षं मराठी वाचलेल्यांनी त्यांचं अक्षर पाहिलेलं आहे, कारण ‘मंगल’ हा फॉन्ट त्यांचा. मुंबईच्या एनसीएसटी या संगणक-संस्थेत त्यांनी तो घडवला आणि दिवंगत पत्नीचं नाव त्याला दिलं. विंडोज २००० बरोबर तो आला, आणि मराठी युनिकोडमध्ये लिहिली तर ती दिसेल एवढी खात्री प्रथमच मिळाली.

त्याआधीच्या मराठी पानांकडे आता वळतो, कारण आयई मोडचं खरं घबाड मला तिथे सापडलं.

१९९७ च्या सुमारास मराठी वेबवर आली तेव्हा ब्राउझरला देवनागरी जोडाक्षरं जुळवता येत नव्हती. मग फॉन्टवाल्यांनी युक्ती केली. रोमन अक्षरांच्या जागांवर देवनागरीचे तुकडे बसवले: इथे अर्धा त, तिथे काना, तिसरीकडे रफार. संगणकाच्या लेखी पान म्हणजे रोमन चिन्हांची खिचडी. फॉन्ट असेल तरच मराठी. ‘धर्म’ या शब्दात रफार डोळ्याला म वर दिसतो, म्हणून त्या पद्धतीत तो म नंतर टंकलेला असे. युनिकोडमध्ये र आणि हलन्त म च्या आधी येतात. ‘रवि’मधली वेलांटी तिथे व च्या आधी, इथे व च्या नंतर. शिवाय प्रत्येक कंपनीचे तुकडे वेगळ्या जागांवर. एकाचा मजकूर दुसऱ्याच्या फॉन्टमध्ये लावला की नुसता गोंधळ.

गंमत म्हणजे शहाणपणाची पद्धत याच महाराष्ट्रात होती. आयआयटी कानपूरला सुरू झालेलं ‘जिस्ट’ तंत्रज्ञान मोहन तांबे यांनी पुण्याच्या सी-डॅकमध्ये वाढवलं. त्यातून ‘इस्की’ ही संकेतप्रणाली १९९१ मध्ये भारतीय मानक झाली. तीत अक्षर उच्चाराच्या क्रमाने साठवलं जाई, आणि युनिकोडमधला देवनागरीचा तक्ताही तिच्याच १९८८ च्या आराखड्यावर बेतलेला. पण ब्राउझरला इस्की कळत नव्हती, म्हणून छापखान्यातली तुकड्यांची पद्धतच वेबवर गेली. घाई होती, हे मान्य. पण पुढे मंगल आल्यावरही कित्येकांनी वर्षानुवर्षं तीच खिचडी रांधली, याला घाई म्हणत नाहीत.

वाचकाकडे फॉन्ट नसायचा, त्यावर तोडगा निघाला ‘डायनॅमिक फॉन्ट’चा. एक्सप्लोरर चारपासून मायक्रोसॉफ्टने ‘ईओटी’ नावाची फॉन्टफाइल आणली, जी पानाबरोबर आपोआप उतरे. नेटस्केपने बिटस्ट्रीम कंपनीची ‘पीएफआर’ ही दुसरी तऱ्हा धरली. नेटस्केप बुडाला आणि पीएफआर त्याच्याबरोबर गेला. उरला ईओटी, आणि तो फक्त एक्सप्लोररला वाचता येई. त्या काळच्या मराठी पानांच्या तळाशी ‘एक्सप्लोररमध्येच पाहा’ अशी तंबी असायची, ती यामुळे.

आता आज अशी पानं क्रोममध्ये उघडून बघा. कित्येक पानांनी आपली संकेतप्रणाली ‘एक्स-यूजर-डिफाइन्ड’ अशी घोषित केलेली असते. आधुनिक ब्राउझर त्यातली वरची चिन्हं युनिकोडच्या खासगी कप्प्यात टाकतो, त्यामुळे मूळ फॉन्ट संगणकात असला तरी चौकोनच दिसतात. फायरफॉक्ससाठी नागार्जुन वेन्ना यांनी ‘पद्म’ नावाचं एक जोडसाधन लिहिलं होतं. सुरुवात तेलुगूची, पुढे इतर भारतीय लिप्या. असलं पान उघडताच ते तिथल्या तिथे युनिकोड करून दाखवी. नोव्हेंबर २०१७ मध्ये फायरफॉक्स ५७ आला, जुन्या पद्धतीची सगळी जोडसाधनं बंद पडली. ती किल्ली गेली.

आयई मोडमध्ये ईओटी अजून उतरतो. पान उघडतं, क्षणभर रोमन कचरा दिसतो आणि मग त्याची ओळीओळीने मराठी होते. फक्त पान मूळ पत्त्यावर जिवंत हवं. कारण ईओटीच्या शीर्षभागात, तो कोणत्या संकेतस्थळावर वापरायचा, हे नोंदता येतं, आणि फॉन्टविक्रेत्यांच्या भीतीपोटी बहुतेकांनी ते नोंदवलं. त्यामुळे पान सीडीवर उतरवून ठेवलं किंवा संग्रहातून उघडलं, तर फॉन्ट हाताशी असूनही ब्राउझर तो नाकारतो. वास्तविक ते कुलूप चोराला अडवणारं नव्हतंच. आतला मजकूर फार तर एका ठरावीक संख्येने फिरवलेला. अडला तो फक्त वाचक.

सुरक्षेची बाजू झाकून चालणार नाही. जुनं इंजिन म्हणजे जुनी भोकं. जुलै २०२४ मध्ये मायक्रोसॉफ्टला असं एक छिद्र बुजवावं लागलं, ज्यातून साध्या शॉर्टकट फाइलने निवृत्त एक्सप्लोररला जागं करून संगणकात शिरता येत होतं. २०२५ च्या ऑगस्टमध्ये लोकांना गोड बोलून आयई मोड लावायला सांगायचं आणि मग हल्ला करायचा, असे प्रकार उघडकीला आले. त्यानंतर कंपनीने घरगुती वापरकर्त्यांच्या एजमधून आयई मोडचं बटण आणि मेन्यूतला पर्याय काढला. आता सेटिंग्जच्या यादीत पत्ता हाताने घालूनच तो लागतो. वरशाच्या दुकानातला पोरगा तसंच करतो, आणि तेच बरोबर आहे. ज्या पत्त्याची खात्री आहे तोच यादीत घालावा, काम झालं की काढावा.

सरकारी पोर्टलांची मला फारशी काळजी नाही. ती अडली की लोक ओरडतात, आणि ओरड झाली की कधी ना कधी दुरुस्त होतात. डिजिटल सहीचंच बघा: यूएसबी टोकनपर्यंत पोहोचायला पूर्वी ॲक्टिव्हएक्स नाहीतर जावा ॲप्लेट लागे, आता जीएसटीच्या पोर्टलवर एमसायनरसारखी संगणकातच चालणारी सेवा ते काम करते. तुकड्यांच्या फॉन्टमध्ये अडकलेल्या लेखांसाठी, कवितांसाठी, वृत्तपत्रांच्या जुन्या अंकांसाठी कोण ओरडणार?

तेव्हा ज्यांच्याकडे त्या काळातली मराठी पानं आहेत, संस्थांच्या सर्व्हरवर किंवा घरच्या सीडींवर, त्यांना सांगणं एवढंच: नुसती पीडीएफ करून थांबू नका, तीत चित्र राहतं, मजकूर तोच कचरा राहतो. पानाबरोबर त्याची फॉन्टफाइल, मूळ पत्ता आणि तारीख जपून ठेवा, आणि कोणत्या कंपनीचा फॉन्ट होता ते लिहून ठेवा. तुकड्यांचा तक्ता मिळाला की परिवर्तक लिहिणं अवघड नाही. संपादकांनी आपापले जुने विदागार यासाठी खुले करावेत, आणि ते २०२९ च्या आत करावं.