कॅसेटवाल्यांनी राखलेला ब्राँक्स

हिप हॉपच्या पहिल्या सहा वर्षांतली एकही तबकडी दुकानात मिळत नव्हती, कारण ती कुणी काढलीच नव्हती. ११ ऑगस्ट १९७३ रोजी न्यूयॉर्कच्या ब्राँक्समध्ये, १५२० सेजविक अ‍ॅव्हेन्यूच्या तळमजल्यावर सिंडी कॅम्पबेलने पार्टी ठेवली. शाळेसाठी नवे कपडे घ्यायला पैसे हवे होते. मुलींना २५ सेंट, मुलांना ५०. तबकड्या लावल्या तिच्या भावाने, डीजे कूल हर्कने. हिप हॉपची सुरुवात इथूनच मानतात. ‘रॅपर्स डिलाइट’ ही हिप हॉपची पहिली गाजलेली तबकडी बाजारात आली ती १९७९मध्ये. तोवर हे संगीत बागांत आणि शाळांच्या जिममध्ये घुमत होतं, आणि मोठ्या कंपन्यांना त्याची गंधवार्ताही नव्हती.

ते टिकलं कॅसेटवर. कुणीतरी टेपरेकॉर्डर घेऊन यायचं, पार्टी भरून घ्यायचं, मग प्रतीची प्रत हातोहात फिरायची. खरखर वाढत जायची, पण ऐकणाऱ्यांना त्याचं काही वाटत नसे.

या कॅसेटींनी निकालसुद्धा फिरवले. जुलै १९८१मध्ये हार्लेम वर्ल्ड क्लबात कोल्ड क्रश ब्रदर्स आणि फँटॅस्टिक रोमँटिक फाइव्ह या रॅप गटांचा सामना रंगला. नाचून, देखणेपणाने सभागृह जिंकलं फँटॅस्टिकने. टेपवर मात्र नाच दिसत नाही, फक्त शब्द ऐकू येतात. ती टेप गावभर फिरली आणि ऐकणाऱ्यांनी कौल दिला कोल्ड क्रशला. कोल्ड क्रशच्या ग्रँडमास्टर कॅझसारख्या शब्दप्रभूची थोरवी आज कळते ती मुख्यतः अशा टेपांमुळे. ‘रॅपर्स डिलाइट’मध्ये त्याच्याच ओळी वापरल्या गेल्या, पण श्रेय त्याला मिळालं नाही. हा अन्याय आज सांगता येतो, याचं मोठं श्रेय चाहत्यांचं आहे.

पुढच्या पिढीने रेडिओ भरून घेतला. कोलंबिया विद्यापीठाच्या डब्ल्यूकेसीआरवर १९९० ते १९९८ स्ट्रेच आर्मस्ट्राँग आणि बॉबिटो गार्सिया यांचा कार्यक्रम मध्यरात्रीनंतर लागे. बिग एल आणि जे-झी या रॅपर्सनी १९९५मध्ये तिथे केलेली उत्स्फूर्त जुगलबंदी आज पाठ असलेले हजारो लोक आहेत, आणि ती पोचली श्रोत्यांच्या कॅसेटींवरून.

कागदही असाच वाचला. बडी एस्क्वायरने हाताने रेखलेली पार्ट्यांची पत्रकं दुसऱ्या दिवशी केरात जायची. २००७मध्ये योहान कुगेलबर्ग या संग्राहकाने आपला साठा कॉर्नेल विद्यापीठाला दिला, तेव्हा तीच पत्रकं अभ्याससाधन ठरली.

संगीत छापून विकलं गेलं तरी ते हाती राहीलच असं नाही. डे ला सोल या गटाचा ‘थ्री फीट हाय अँड रायझिंग’ हा अल्बम १९८९चा. दुसऱ्यांच्या गाण्यांतून उचललेल्या तुकड्यांच्या परवानग्या अडल्या आणि स्ट्रीमिंगवर तो यायला मार्च २०२३ उजाडला. त्यातही काही तुकडे नव्याने वाजवून घ्यावे लागले. मूळ अल्बम जसाच्या तसा ऐकायचा, तर आजही कुणाच्या तरी घरातली जुनी तबकडी गाठावी लागते.